वस्तू क्रमांक ४४१७

अजमान
११ मार्च २०१६, शुक्रवार

प्रिय केली,

काल सकाळी साडेदहा वाजता जबल अलीच्या ख्रिस्ती दफनभूमीत आस्गर सरांना पुरलं. आम्ही सहा जण होतो. फादर, डेन्मार्कच्या कॉन्सुलेटचा एक माणूस, सरांच्या खोलीत राहणारे दोन फिलिपिनो, डॅरिल आणि मी. लाउंजमधला आपला डॅरिल आता अबू धाबीजवळ खलिफा सिटीत मुलांना पियानो शिकवतो. तो तिथून टॅक्सीने आला. वारा होता, फादरच्या पुस्तकाची पानं उडत होती. वीस मिनिटांत सगळं आटोपलं. नंतर मी मेट्रोने परत आलो आणि दुपारी ड्युटीवर गेलो.

शनिवारी दुपारी ते गेले. दुबईला देऱ्यातल्या त्यांच्या खोलीत, खुर्चीत, पायात बूट होते. खोलीतली मुलं ड्युटीवरून आली तेव्हा कळलं. डॉक्टरांनी हार्ट लिहिलं आहे. खिशात एका कागदावर माझा नंबर होता, म्हणून फोन मला आला. शवागाराच्या फॉर्मवर 'नातं' असा रकाना आहे. तिथला क्लार्क म्हणाला, "अंकल, भाई लिखूँ क्या? जल्दी हो जाएगा." मी 'सहकारी' लिहायला लावलं. त्यामुळे दोन दिवस जास्त लागले.

मराठीत लिहितोय. इंग्रजीत मी आयुष्यभर फक्त ऑफिसची पत्रं लिहिली, तशीच ही होतील अशी भीती वाटते. मम्माने तुला चर्चच्या प्रार्थनेच्या पुस्तकावरून वाचायला शिकवलं आहे. सावकाश वाच. अडलं तर मम्माला वसईला फोन कर.

फादर म्हणाले, तुम्ही त्यांना सगळ्यात जास्त ओळखत होतात, तर अर्धं पान लिहा, मी वाचतो. मी लिहिलं ते असं:

'आस्गर होल्म. जन्म १९४६, एस्बियर्ग, डेन्मार्क. वडील बंदरावर बर्फाच्या कारखान्यात. आठव्या वर्षी चर्चच्या ऑर्गनवादकाकडून व्हायोलिन शिकायला सुरुवात. सतराव्या वर्षी कोपनहेगनला गेले. नाचाच्या रेस्टॉरंटमध्ये आणि नंतर जॅझ क्लबांमध्ये वादन. स्वतःचं चार जणांचं पथक, दोन रेकॉर्ड्स. पोलंड, जर्मनी, स्वीडनचे दौरे. सहा वर्षं रेडिओच्या ऑर्केस्ट्रात. त्यानंतर प्रवासी जहाजांवर, बहारीनमध्ये आणि २००४ पासून दुबईत, क्रीकजवळच्या हॉटेलच्या लाउंजमध्ये. विवाह झाला होता, टिकला नाही. मागे एक बहीण, इंगर.'

यातलं बरंचसं त्यांच्या बायोडेटातलं आहे. मी त्या हॉटेलच्या स्टोअरमध्ये होतो तरी लाउंजची फाइल माझ्याकडे असायची. खाली मी 'विद्यार्थी' असं लिहिलं आणि थांबलो. तुझं नाव घालायचं तर तुला विचारायला हवं होतं. वेळ नव्हता. ती ओळ तशीच खोडली.

सात वर्षं तू त्यांचं नाव काढलेलं नाहीस. त्यांच्याबद्दल तुझं मन थोडं बदलावं, एवढी एकच गोष्ट मला हवी आहे. इंगर हे अर्धं पान तिकडच्या पेपरात छापणार आहे. तुझं नाव घालू का, ते कळव.

कॅल्गरीत अजून बर्फ आहे का?

डॅडी

अजमान
१८ मार्च २०१६, शुक्रवार

प्रिय केली,

तुझा मेसेज मिळाला. 'सॉरी टु हिअर, डॅड. बट ही डिड इट टु हिमसेल्फ. प्लीज लीव्ह माय नेम आउट.' ठीक आहे. नाव घालणार नाही.

आज सकाळच्या मिस्सेत सरांचं नाव वाचलं गेलं. ज्यांच्यासाठी प्रार्थना करायची त्यांच्या चिठ्ठीवर मी ते लिहून दिलं होतं. वाचणाऱ्या बाईंना ते जमलं नाही, त्या 'असगर' म्हणाल्या, आणि मुसलमान नाव ऐकून दोनतीन लोकांनी वळून बघितलं.

तुला आठवतं का माहीत नाही, म्हणून लिहितो. तू अकरा वर्षांची होतीस. शुक्रवारी मिस्सा झाली की आपण तिघं देऱ्याला हॉटेलच्या स्टाफ रूममध्ये तुझ्या व्हायोलिनच्या लेसनला जायचो. मम्मा डब्यात तळलेले पिठाचे फुगे आणि डुकराचं इंदयाल घ्यायची. सरांनी पहिला फुगा हातात घेऊन फिरवून बघितला होता. म्हणाले होते, आमच्याकडे नाताळात असंच गोल करतात, फक्त आम्ही साखर लावतो, तुम्ही डुकराबरोबर खाता, तुमचं जास्त बरोबर आहे. डॅरिल पियानोवरून ओरडला होता, "अंकल, संभाळा. हा माणूस लेसनसाठी येत नाही, डॉली आंटीच्या डब्यासाठी येतो." सर म्हणाले होते, "अर्थात. तू कशासाठी येतोस?"

ते तुला खुर्चीत बसू द्यायचे नाहीत. वाजवत वाजवत खोलीभर चालायला लावायचे, आणि पाय चार मात्रांतल्या दोन आणि चारवर पडला पाहिजे, एक आणि तीनवर नाही. तू चर्चमध्येही दोन आणि चारवर टाळ्या वाजवायला लागलीस. सगळे एकीकडे, तू एकीकडे. मम्माने चिमटा काढला होता. तू म्हणालीस, "बट मम्मा, दे आर ऑल राँग." सरांना सांगितलं तर ते इतके हसले की डोळे पुसावे लागले.

मला संगीतातलं कळत नाही. मी संध्याकाळी मोजणीसाठी लाउंजमध्ये जायचो, ग्लास, ॲशट्रे, टेबलक्लॉथ. तीच धून ते रोज वाजवायचे आणि रोज ती वेगळी असायची. मी एकदा म्हटलं, काल अशी नव्हती. ते म्हणाले, "फ्रँक, तू कालचे ग्लास आज मोजतोस का?"

कोपनहेगनच्या दिवसांबद्दल ते फार बोलायचे नाहीत. एकदा सांगितलं होतं की दुसरी रेकॉर्ड निघाली त्या वर्षी ते रस्त्याने चालले की लोक ओळखायचे. पाच वर्षांनी त्याच रस्त्यावर एका दुकानाबाहेर त्याच रेकॉर्डचा ढीग होता, एकावर एक फुकट. त्यांनी दोन उचलल्या आणि घरी नेल्या. बायको म्हणाली, अजून दोन कशाला. ते जहाजावर गेले ते त्यानंतर. जहाजावर ते अकरा वर्षं वाजवत होते, जेवणाऱ्या लोकांसमोर. त्याबद्दल तक्रार नव्हती. म्हणायचे, खाताना लोक निदान ऐकण्याचं नाटक करत नाहीत.

व्हायोलिन त्या ऑर्गनवादकाचं होतं. मरताना त्याने सरांना दिलं. आत १९११ ची चिठ्ठी चिकटवलेली होती. हे तुला माहीत आहे, तू टॉर्च लावून वाचली होतीस.

आता इंगरबद्दल. तिचं वय चौऱ्याहत्तर आहे. तिचा ईमेल आला. तिने लिहिलं आहे की २००९ मध्ये आणि नंतर २०११ मध्ये तिने भावाला घरी येण्यासाठी तिकीट पाठवलं होतं. दोन्ही वेळा त्याने कळवलं की व्हायोलिन एका कागदपत्राच्या कामात अडकलं आहे, ते सुटलं की येतो. तिने विचारलं आहे, ते सुटलं का?

हा ईमेल मी तीन दिवस पुन्हा पुन्हा वाचतोय. मला वाटायचं ते लाजेने परत जात नाहीत.

इंगरला काय लिहायचं ते मला माहीत आहे. पण तिच्या आधी तुला लिहायला हवं. आज नाही होत.

डॅडी

अजमान
२६ मार्च २०१६, पवित्र शनिवार

प्रिय केली,

बुधवारी पापकबुलीला गेलो होतो. मी दर वर्षी उपवासकाळात जातो आणि दर वर्षी एक गोष्ट सोडून बाकी सगळं सांगतो. या वर्षी ती सांगितली. फादरनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "फ्रँक, तो माणूस गेला. पण जिच्याशी खोटं बोललास ती आहे. माझ्याकडे सांगून तुझं काम होत नाही. तिला सांग."

म्हणून सांगतो. सरांनी व्हायोलिन विकलं नव्हतं.

जून २००८. लाउंजच्या छतातून एसीचं पाणी गळलं आणि व्हायोलिनच्या केसवर पडलं. आत गेलं नाही, पण थोडक्यात वाचलं. सरांचा विमा नव्हता. हॉटेलच्या पॉलिसीत मात्र मालमत्तेच्या रजिस्टरमधली प्रत्येक वस्तू येत होती. रजिस्टर माझ्याकडे. मी सरांना म्हटलं, ही एक ओळ घालून टाकतो, काही झालं तर हॉटेल भरून देईल. ४४१६ पियानोचं स्टूल. ४४१७ व्हायोलिन, केससह. ४४१८ माइकचा स्टँड. चंदेरी स्टिकर केसच्या झाकणाला आतून लावला. सर म्हणाले, "म्हणजे आता मीही मोजणीत आलो." मी म्हटलं, फक्त एक अट आहे, वस्तू हॉटेलच्या आवारात कुलपात पाहिजे, नाहीतर विमा लागू नाही. ते रोज व्हायोलिन खोलीवर न्यायचे. माझ्या सांगण्यावरून ते लाउंजच्या लॉकरमध्ये ठेवायला लागले.

मी हे त्यांच्या भल्यासाठी केलं. हे लिहिलंच पाहिजे असं नाही, पण ते खरं आहे.

मग ती मंदी आली. नोव्हेंबरपासून पगार अर्धा. जानेवारीत लाउंजमध्ये तीन टेबलं भरायची. मालक एका सकाळी विमानाने निघून गेला. विमानतळाच्या पार्किंगमध्ये गाड्या सोडून लोक गेले त्या दिवसांतली गोष्ट, तुला आठवत असेल, तुझ्या वर्गातली निम्मी मुलं गेली.

२२ फेब्रुवारी २००९, रविवार. बँकांनी नेमलेली माणसं आली आणि हॉटेलला सील लावलं. त्यांच्या हातात माझं रजिस्टर होतं. त्यातलं सगळं ट्रकमध्ये भरायचं. माझ्याकडून आधीच एका कागदावर सही घेतली होती की या यादीतली प्रत्येक वस्तू हॉटेलच्या मालकीची आहे, मी खात्री करून नोंदली आहे, खोटं आढळल्यास कारवाई होईल. खरेदी खात्यातल्या दोघांचे पासपोर्ट त्याच आठवड्यात अडकले होते. खोट्या नोंदी दाखवून विमा काढला म्हणून.

दुपारी चार वाजता सर आले. काळा सूट घातलेला, वाजवायला आल्यासारखे. लॉकरमधलं सामान बाहेर काढून जमिनीवर मांडलं होतं. सर केसकडे गेले आणि उचलायला वाकले. बँकेच्या एका माणसाने अडवलं. सर म्हणाले, हे माझं आहे. त्याने झाकण उघडलं, स्टिकर बघितला, यादीवर बोट ठेवलं. मग माझ्याकडे वळला. "तू बनवलीस ना ही यादी? हे हॉटेलचं आहे का?"

मी म्हटलं, "यस सर. लिस्ट बरोबर आहे."

एवढंच. 'चुकून लिहिलं' असं म्हणायला दोन शब्द लागले असते. मला माझा पासपोर्ट दिसत होता, तुझी शाळा दिसत होती, मम्माला काय सांगायचं ते दिसत होतं. सरांनी माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. जरा वेळ लागला त्यांना. मग त्या माणसाला म्हणाले, "त्याला माहीत असेल. तो मोजतो." आणि निघून गेले. तो माणूस म्हणाला, "खलास. नेक्स्ट."

तुझी परीक्षा एप्रिलमध्ये होती आणि ती तू त्यांच्या व्हायोलिनवर देणार होतीस, त्यांनी तसं कबूल केलं होतं. त्या आठवड्यात तू रोज विचारायचीस, सरांकडे कधी जायचं. गुरुवारी मी तुला म्हटलं की सरांनी व्हायोलिन विकलं, दारूसाठी. सर प्यायचे, हे खरं आहे. वाजवून झाल्यावर दोन पेग. त्यामुळे ते पटण्यासारखं होतं. म्हणूनच मी ते निवडलं.

मला वाटलं तू रडशील आणि संपेल. पण शुक्रवारी मिस्सेनंतर तू हट्टाने देऱ्याला चल म्हणालीस. मी सरांच्या खोलीच्या दारात उभा होतो. तू आत गेलीस. ते पलंगावर बसले होते. तू विचारलंस, "सर, डिड यू सेल इट?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं. तू पाठमोरी होतीस, तुला ते दिसलं नाही. मी काही केलं नाही. मानही हलवली नाही.

ते म्हणाले, "येस."

"फॉर ड्रिंक?"

"येस. आय ॲम सॉरी, केली."

मग तू त्यांना जे बोललीस ते मी इथे लिहीत नाही. चौदा वर्षांची मुलगी बोलेल तेच बोललीस. तुझं व्हायोलिन तू त्यांच्या पलंगावर टाकून आलीस आणि पुन्हा कुठलंच हातात घेतलं नाहीस. जिन्यात मला म्हणालीस, "डॅडी, यू वेअर राइट." ते वाक्य मी सात वर्षं ऐकतोय.

आपल्यात कधी भांडण झालं नाही. तू शनिवारी फोन करतेस, हवा विचारतेस, मी इथली उष्णता सांगतो. तुला माझ्याशी काय बोलायचं ते कळत नाही असं मला वाटतं, आणि का, ते मला माहीत आहे.

उद्या ईस्टर. सोमवारी सही करायला जाणार आहे. ते पुढच्या पत्रात.

डॅडी

अजमान
९ एप्रिल २०१६

प्रिय केली,

तुझं उत्तर नाही. शनिवारचा फोनही दोन वेळा आला नाही. मी समजतो.

मी ईस्टरच्या सोमवारी देऱ्यात त्या कंपनीच्या ऑफिसात गेलो, जी बुडालेल्या हॉटेलचं काम बघते. अर्ज घरूनच लिहून नेला होता: 'वस्तू क्रमांक ४४१७ ही हॉटेलची नव्हती. ती मी चुकीने नोंदली आणि नंतर विचारलं असता जाणूनबुजून खोटं सांगितलं. मालक श्री. आस्गर होल्म, मयत. होईल त्या कारवाईस मी तयार आहे.' मी गेल्या महिन्यात साठ पूर्ण केली. पासपोर्ट खिशात घेऊन गेलो होतो. मम्माला आदल्या दिवशी फोनवर सगळं सांगून टाकलं होतं.

काउंटरवर पुण्याची एक मुलगी होती, शुभ्रा. तुझ्याच वयाची. तिने अर्ज वाचला, कॉम्प्युटरवर नंबर टाकला, पुन्हा वाचला.

"काका, ही फाइल २०१२ लाच बंद झालीये."

"म्हणजे?"

"बँकांचं सेटलमेंट झालं. जे विकलं गेलं ते गेलं. उरलेलं सामान शेडमध्ये पडलंय, कुणालाच नकोय ते. कुणी लेटर घेऊन आलं असतं तर आम्ही देऊन टाकलं असतं. एका बाईंनी तर स्वतःचं शिवणयंत्र नेलं मागच्या वर्षी."

मी विचारलं, आणि सहीचं काय, कारवाईचं काय.

ती म्हणाली, "कसली कारवाई? कंपनीच नाहीये आता. बसा ना काका, पाणी आणू का?"

तिने शिक्का मारला. दहा मिनिटं लागली. अर्जातला 'जाणूनबुजून' हा शब्द खोडू का, असंही तिने विचारलं, उगीच कशाला म्हणून. मी नको म्हटलं.

शेड अजमानच्या इंडस्ट्रियल एरियात आहे. एकोणीस नंबर. माझी बस रोज तिच्यावरून जाते. सामान तिथे गेलं तेव्हा पाठवणीची यादीही मीच केली होती, त्यामुळे मला पहिल्यापासून माहीत होतं. मी त्या बाजूच्या खिडकीत बसत नाही.

तिथला वॉचमन नूरुद्दीन, माझ्याहून म्हातारा आहे. कागद बघून म्हणाला, "बाजेवाला? वो गोरा बाबा कहाँ है? बहुत महीने से आया नहीं."

मी विचारलं, कौन बाबा.

तो म्हणाला ते तसंच लिहितो. २००९ च्या उन्हाळ्यात एक म्हातारा गोरा माणूस देऱ्याहून बसने आला. त्याने सांगितलं की आत एक पेटी आहे, ती न्यायची नाही, फक्त उघडायची आहे. नूरुद्दीनने आधी हाकललं. दुसऱ्या दिवशी तो पुन्हा आला आणि गेटबाहेर उन्हात बसला. तिसऱ्या वेळी नूरुद्दीनने शेड उघडली. त्या माणसाने पेटी उघडली, तारा सैल केल्या, खिशातून प्लास्टिकची साबणाची डबी काढली, भोकं पाडलेली. तिच्यात ओला स्पंज. ती पेटीत ठेवली आणि झाकण लावलं. त्यानंतर दर पंधरा दिवसांनी यायचा. थंडीत महिन्याने. स्पंज ओला करायचा, पेटी बंद करायची, नूरुद्दीनबरोबर एक चहा प्यायचा आणि जायचा. सहा उन्हाळे. लाकूड सुकलं की फुटतं, असं त्याने समजावलं होतं.

"बजाता था?" मी विचारलं.

"कभी नहीं. मैंने बोला, बाबा, ले जाओ, यल्ला, कौन देखता है. बोला, नहीं, जिसने साइन किया है उसको पूछेंगे. उसकी बेटी छोटी है."

मी तिथल्या एका खोक्यावर बसलो. नूरुद्दीन फॅन लावायला गेला.

केली, आता मला एक आठवतं. त्या वर्षी मे महिन्यात मी शुक्रवारी डबा घेऊन गेलो होतो. मी दर शुक्रवारी जायचो, शेवटपर्यंत गेलो. ते डबा घ्यायचे, आम्ही क्रिकेटवर, हवेवर, डॅरिलवर बोलायचो. त्या गोष्टीबद्दल फक्त त्या दिवशी बोललो. त्यांनी विचारलं, "कुठे ठेवलंय ते?" मी म्हटलं, अजमान, शेड एकोणीस. "तिथे एसी आहे?" नाही. "म्हणजे सुकं असेल." मी हो म्हटलं. त्यांनी डब्याचं झाकण लावलं आणि विचारलं, केली कशी आहे. मी म्हटलं, बरी आहे, अभ्यास करते.

तुझं जुनं व्हायोलिन त्यांच्याकडे होतं. खलिफा सिटीतल्या व्हिलांमध्ये मुलांच्या वाढदिवसांना ते त्याच्यावर वाजवायचे. डॅरिल त्यांना बरोबर न्यायचा. एकदा यजमानांनी डोक्यावर कागदी टोपी घालायला लावली होती, डॅरिल भांडायला उठला, सर म्हणाले, राहू दे, जहाजावर यापेक्षा मोठी होती. मागच्या वर्षी बोटं सुजली, तेही थांबलं. गुडघे गेले. उन्हाळ्यात ते अजमानला येऊ शकले नाहीत. मी येतजात त्या शेडवरून जात होतो आणि शुक्रवारी त्यांच्यासमोर बसत होतो. ते मला एका शब्दाने म्हणाले असते तर मी स्पंज ओला केला असता. ते म्हणाले नाहीत. मी विचारायला हवं होतं असं म्हणता येणार नाही, कारण मला माहीतच नव्हतं. तरी तेच मनात येतं.

पेटी उघडली तेव्हा स्पंज दगडासारखा झाला होता. व्हायोलिनचं पोट उघडलं आहे. सहा उन्हाळे टिकलं, सातव्यात गेलं.

घरी आणलं आहे. इंगरला सगळं लिहिलं, लपवलं काहीच नाही.

डॅडी

अजमान
१३ मे २०१६, शुक्रवार

प्रिय केली,

इंगरचं उत्तर आलं. चार ओळी आहेत. कळवल्याबद्दल आभार. आमच्या घरात आता वाजवणारं कुणी नाही, व्हायोलिन तिथेच राहू द्या. अर्धं पान छापलं आहे, त्यात व्हायोलिनबद्दल काही नाही. माझ्याबद्दलही नाही. माफीचा शब्द नाही, आणि तो मी मागितलाही नव्हता. छापलेल्या कात्रणात त्यांचा तरुणपणचा फोटो आहे. दाढी आहे आणि ते कॅमेऱ्याकडे नाही, बाजूच्या कुणाकडे तरी बघून हसत आहेत.

काल मम्माचा फोन आला. म्हणाली, केलीचा फोन आला होता. पाऊण तास होती. मी विचारलं, काय म्हणाली. मम्मा म्हणाली, "बरंचसं रडलीच. तुझ्याशी बोलायचं नाही म्हणते. आत्ता तरी नाही. मीही तिला जोर केला नाही, फ्रँक. मलाच अजून तुझ्याशी नीट बोलता येत नाहीये."

मी म्हटलं, बरोबर आहे.

मग मम्मा म्हणाली, "एक विचारलंय तिने. मला काही कळलं नाही, मी लिहून घेतलंय. जोड उघडलाय की लाकूड तडकलंय? म्हणे, जोड उघडला असेल तर तो डिंकाने पुन्हा बसवता येतो, तो उघडण्यासाठीच असतो. तडकलं असेल तर गोष्ट वेगळी. डॅडींना म्हणावं नीट बघून सांगा, आणि ओढून बघू नका."

मी आज ड्युटीला सुट्टी घेतली. मिस्सेहून आलो, टेबलावर टॉवेल पसरला आणि व्हायोलिन त्याच्यावर ठेवलं. चष्मा लावला. टॉर्च घेतली, तू घ्यायचीस तशी. ओढून बघितलं नाही.

डाव्या बाजूला, हनुवटी टेकतात तिथपासून कमरेपर्यंत जोड उघडला आहे. लांबी एकोणीस सेंटिमीटर. कडा स्वच्छ आहेत, कागद आत जाईल एवढी फट. उजव्या बाजूला, त्या वळणदार भोकाच्या खालच्या टोकापासून एक बारीक रेघ जाते. ती जोड नाही, ते लाकूड आहे. लांबी सहा सेंटिमीटर. नखाला लागते. पाठ ठीक आहे. मान ठीक आहे. चिठ्ठी आत आहे, १९११ वाचता येतं.

म्हणजे दोन्ही आहे. तुला खोटं सांगायचं नाही म्हणून तसंच लिहितो.

डॅरिलने अबू धाबीत एका दुरुस्तीवाल्याचं नाव दिलं आहे. मी त्याच्याकडे नेणार नाही. ते तुझ्याकडे पाठवायचं की इथेच ठेवायचं, हे तू सांगेपर्यंत ते असंच राहील. तू सांगितलं नाहीस तरी राहील. कागदाप्रमाणे त्याचा मालक आता कुणी नाही. झाकणावरचा स्टिकर कोमट पाण्याने निघतो का बघितलं. निघाला, पण चौकोन राहिला आहे.

उष्णता वाढली आहे. दुपारी बेचाळीस होती. खोलीत एसी चालू असतो आणि एसीने हवा आणखी सुकते असं डॅरिल म्हणतो. जुना स्पंज टाकला. डबी तीच आहे, निळी, झाकणाला सुईने पाडलेली भोकं आहेत, मोजली तर एकवीस भरली. काल सुपरमार्केटमधून नवा स्पंज आणला, कापून मापाचा केला.

पत्र इथे थांबवतो. स्वयंपाकघरात जाऊन स्पंज नळाखाली धरतो, दोनदा पिळतो. थेंब पडायला नको, नुसता ओलसर पाहिजे. मग तो डबीत ठेवून झाकण लावायचं, आणि डबी पेटीच्या कोपऱ्यात, मानेच्या बाजूला.

डॅडी